बासष्टावा टप्पा

१

रोज दुपारी चार वाजता मी गोळी सोडतो.

गोळी म्हणजे बेअरिंगमधली पोलादी गोळी, करंगळीच्या टोकाएवढी. सोडायची जागा मधल्या खोलीच्या दाराच्या चौकटीवर. तिथून पुढे एकसष्ट टप्पे. गोळी तारेच्या रुळावरून घरंगळत चमच्यात पडते. चमचा कलतो, छत्रीची काडी सुटते, काडी जुन्या घड्याळाच्या स्प्रिंगला मोकळं करते. असं करत करत एका भिंतीवरून दुसऱ्या भिंतीवर, टेबलाखालून, कपाटावरून. साडेचार मिनिटं लागतात. शेवटी दुसरी एक गोळी पत्र्याच्या वाटीत पडते. टण.

हे सगळं कशासाठी, तर दिवा बंद करण्यासाठी.

मधल्या खोलीला खिडकी नाही. भरदिवसा दिवा लावावा लागतो. यंत्र चालताना दोन्हीकडची दारं मी लावून घेतो, कारण वाऱ्याने दोरे हलतात. वाटीपासून दिव्याचा खटका हातभर लांब आहे. तो हातभर कधी पार झाला नाही. टण झालं की मी उठतो आणि खटका हाताने पाडतो.

मी डोळे मिटून ऐकतो. तेहतीस वर्षं कारखान्यात फिटर होतो. चालू यंत्र कानाने तपासायचं असतं. शाळा माझी चौथीपर्यंत, पण कुठल्याही मशीनपाशी दोन मिनिटं उभं राहून कुठला नट ढिला आहे ते मी सांगत असे. साहेब लोक वही घेऊन यायचे आणि माझ्या कानाकडे बघायचे.

त्या दिवशी टण झालं. उठायला मी गुडघ्यांवर हात टेकले.

आणि आवाज आला. टिक.

वाटीच्या पुढे काही नाही. हे मला पक्कं ठाऊक आहे, कारण वाटी मीच बसवली आहे.

२

यंत्राचं आधी सांगतो, नाहीतर पुढचं कळायचं नाही.

लग्नानंतर आम्ही या तीन खोल्यांत राहायला आलो. तेव्हा मधल्या खोलीत झोपायचो. दिवा कोणी उठून बंद करायचा यावरून रोज भांडण. मी खटक्याला दोरी बांधली आणि ती पलंगापर्यंत आणली. पाच मिनिटांचं काम. ओढली की दिवा बंद.

बायकोने दोरी ओढून पाहिली. म्हणाली, "झालं? एवढंच?"

"मग अजून काय पाहिजे? वाजंत्री?"

"वाजंत्री नको. पण एवढे मोठे फिटर तुम्ही, आणि दोरी बांधलीत. दोरी तर मीही बांधली असती."

दुसऱ्या दिवशी कामावरून आलो तर दोरी सोडलेली. तिच्या जागी दाराच्या चौकटीवर तारेचा रूळ. मी टाकून दिलेल्या तारेचा. वाकडातिकडा, पण गोळी त्यावरून घरंगळत होती. ती कमरेवर हात ठेवून उभी. म्हणाली, "आता तुम्ही."

मी तो रूळ काढून सरळ करून बसवला. तो माझा पहिला टप्पा ठरला. चमचा तिचा, दुसरा. तेव्हापासून विषम आकडे माझे, सम आकडे तिचे.

ती एका शिंप्यासाठी घरी काज-बटणं करायची. तिच्या टप्प्यांत दोरा, रीळ, बटण, सुई. माझ्यात पट्ट्या, तरफा, स्प्रिंगा. कारखान्यात प्रत्येक फिटर आपल्या कामावर आपला नंबर ठोकतो. माझा सतरा. घरच्या यंत्रावरही माझ्या प्रत्येक तुकड्यावर सतरा ठोकलेला आहे. नंबर नसलेलं काम मी हातावेगळं करत नाही.

नियम तीन. एका डावात एकच टप्पा. ज्याच्या टप्प्यावर गोळी अडकेल, त्याने त्या दिवशी उठून दिवा बंद करायचा. आणि कोणी खोटा डाव खेळला, म्हणजे एकदम दोन टप्पे बसवले, तर समोरचा म्हणेल तिथपासून पुन्हा.

तिच्या बोटात कायम अंगुस्तान असायचं, शिवताना सुई टोचू नये म्हणून घालायची पितळी टोपी. टप्पा झाला की ती ते भिंतीवर वाजवायची. टिक टिक. म्हणजे डाव तुमचा. एकदाच टिक म्हणजे बरं, कळलं. जेवायला बसताना, भांडण मिटवताना, सगळीकडे ते एक टिक.

मी प्रत्येक टप्पा सरळ दिव्याकडे न्यायचो. ती प्रत्येक वेळी वळवायची. एकदा मी चिडलो.

"तू पोचूच देत नाहीस."

"पोचलं की संपलं. मग उद्या काय करणार?"

"उद्या दिवा बंद होईल."

"दिवा काय, हातानेही होतो, मिस्त्री." लाडात आली की मला मिस्त्री म्हणायची.

अडतीस वर्षं झाली. मुलगी झाली, मोठी झाली, तिच्या घरी गेली. एकसष्टावा टप्पा मी बसवला, ती वाटी. खटका हातभर राहिला होता. आता तिला वळवायला जागाच नव्हती असं मला वाटलं. ती बघून हसली. म्हणाली, "बघते."

आठ दिवसांनी शिवता शिवता खुर्चीतच गेली. अंगुस्तान बोटातच होतं. काढायचं कोणाला सुचलं नाही. तिच्याबरोबर गेलं.

याला चौदा महिने झाले. डाव तिचा होता, म्हणून मी पुढे हात लावला नाही.

३

टिक झाल्यावर मी स्टूल ओढलं, वर चढलो आणि चष्मा लावून पाहिलं.

वाटीच्या काठाला दोरा बांधला होता. दोऱ्याला शर्टाचं बटण. वाटीत गोळी पडली की वाटी जराशी कलते, काठावर टेकवलेलं बटण सुटतं आणि झुलत जाऊन कोनाड्यातल्या काचेच्या बरणीवर आपटतं. साधं काम. स्वच्छ काम.

बटण पांढरं, चार भोकांचं, एका कडेला टवका गेलेला. ते माझ्या शर्टाचं होतं. वरून दुसरं. महिन्याभरापूर्वी तुटून कुठेतरी पडलं होतं. शर्ट मी तसाच घालत होतो.

दोऱ्याला तीन वेढे देऊन गाठ मारली होती. टोक कात्रीने कापलेलं नव्हतं. कात्रीचं टोक सरळ असतं. हे चपटं होतं, जरा पिंजलेलं. दाताने तोडलेलं. आयुष्यभर मी त्यावरून बोललो. "घरात कात्री आहे ना?" ती म्हणायची, "कात्री शोधेपर्यंत माझं दुसरं काज होतं."

मी टोक चिमटीत धरलं.

ओलं होतं.

स्टुलावरून खाली उतरलो. दिवा बंद केला. बाहेरच्या खोलीत जाऊन बसलो. दुसऱ्या दिवशी सकाळपर्यंत त्या खोलीत गेलो नाही.

४

मी भुताखेतांवर विश्वास ठेवणारा माणूस नाही. मशीन आपोआप चालू झालं असं कोणी म्हणालं की मी आधी कोणाचा हात लागला ते बघतो. तसंच केलं.

घराची दुसरी किल्ली खालच्या मजल्यावरच्या सुताराकडे असते. माझ्याच वयाचा. तीस वर्षांची ओळख. त्याच्याकडे गेलो.

"माझ्या घरात गेला होतास का?"

"तुझ्या घरात काय ठेवलंय? तुटकी छत्री?"

"सरळ सांग."

"नाही रे बाबा. का, काही गेलं?"

"गेलं नाही. आलंय."

त्याने माझ्याकडे नीट पाहिलं. "मिस्त्री, तुझ्या डोक्याचा एखादा स्क्रू ढिला झालाय. माझ्याकडे आण, पिळून देतो." आणि हसत चहाचा कप उचलला. अर्धा कप बशीत सांडला. दोन वर्षं झाली, त्याचे हात थरथरतात. रंधा सुटला त्याचा. सुईत दोरा ओवणं सोडा, त्याला सदऱ्याची बटणं सून लावते.

मी म्हणालो, "किल्ली दे परत."

त्याला लागलं ते. खिशातून काढून दिली. मी चुकलो, पण त्या वेळी माफी मागितली नाही.

घरी आलो आणि त्रेसष्टावा टप्पा केला. डाव माझा होता. बटण बरणीऐवजी एका तरफेवर आपटेल, तरफेने गोळी सुटेल, गोळी खटक्याकडे जाईल. सतरा ठोकला. मग दोन्ही दारं लावली, दारांना बाहेरून केसाएवढी तार लावली, आणि फरशीवर खडूची पूड पसरली. आम्ही कारखान्यात पत्र्यावर रेघ मारण्याआधी खडू घासतो, ती पूड.

दोन दिवस काही नाही. तिसऱ्या दिवशी चार वाजता तारा तशाच होत्या. खडूवर माझ्या आत जाणाऱ्या पावलांशिवाय एकही पाऊल नव्हतं.

चौसष्टावा टप्पा तयार होता. रिकामं रीळ, त्याला दोऱ्याचे वेढे. माझी गोळी रिळावर जाऊन आदळते, रीळ फिरतं, आणि सगळं खटक्याकडे पाठ करून समोरच्या भिंतीकडे निघतं.

मी स्टुलावर बसून राहिलो. अंगावर काटा होता. पण खोटं का सांगू, पहिला विचार आला तो असा की, बघ, पुन्हा वळवलं.

दुसरा विचार वाईट होता. ती असताना तिला एका टप्प्याला वर्ष वर्ष लागे. शिंप्याचं काम, स्वयंपाक, पोरीचं आजारपण. आता तीन दिवसांत. म्हणजे तिला आता दुसरं काही कामच नाही.

मी पासष्टावा बसवला. सरळ. तिने सहासष्टावा बसवला. दाराकडे.

५

मुलगी महिन्यातून दोनदा येते. बसने तीन तास. एका रुग्णालयात भांडाराचं काम बघते. आईसारखी बोलते, फक्त वेगात.

आल्या आल्या म्हणाली, "बाबा, शर्टाचं बटण?"

"आहे."

"कुठे आहे?"

"आहे म्हटलं ना."

"काढा तो शर्ट, मी लावून देते."

"राहू दे."

तिने पिशवी खाली ठेवली. "राहू दे, राहू दे. गॅस चालू राहिला तेव्हाही राहू दे. न्हाणीत पडलात, सुतारकाकांनी दार फोडलं, तेव्हाही राहू दे. आता त्यांची किल्लीही काढून घेतलीत म्हणे. येत्या रविवारी मी गाडी घेऊन येते. तुम्ही माझ्याकडे चला. तुमची खोली तयार आहे. खिडकी आहे तिला."

"आणि हे?" मी मधल्या खोलीकडे मान केली.

"हे भिंतींना ठोकलेलं आहे बाबा. भिंती कशा नेऊ?"

मी तिला आत नेलं. गोळी सोडली. लहानपणी ती इथे मांडी घालून बसायची, गोळीबरोबर मान फिरवायची. तशीच फिरवत होती. टण झालं. ती उठणार होती.

मग टिक झालं, तरफ पडली, रीळ फिरलं.

ती म्हणाली, "हे नवीन आहे."

"बासष्ट, चौसष्ट, सहासष्ट. हे माझं नाही."

"मग कोणाचं?"

मी स्टूल वाटीखाली ओढलं.

ती फार हळू बोलली, रुग्णालयात बोलत असतील तसं. "बाबा, तुम्हीच केलंत. करून विसरलात. होतं असं या वयात. त्यात लाजायचं काही नाही."

"माझ्या कामावर नंबर असतो. हात नंबर विसरत नाही."

"दोऱ्यावर नंबर कसा ठोकणार?"

तिचं खरं होतं. हे माझ्या डोक्यात आलं नव्हतं असं नाही. दोन दिवस तेच डोक्यात होतं. मी दोऱ्याचं टोक तिच्या हातात दिलं.

"कशाने तोडलंय?"

तिने निरखून पाहिलं. तिला लहानपणापासून ते टोक माहीत आहे. तिच्या प्रत्येक फ्रॉकवर होतं.

"दाताने," ती म्हणाली.

मी तोंड उघडलं.

माझे पुढचे दात पाच वर्षांपूर्वी गेले, वरचेही आणि खालचेही. कवळी मी करून घेतली नाही. भाकरी कुस्करून खाईन, पण दुसऱ्याचे दात तोंडात घालणार नाही, असं डॉक्टरला सांगून आलो होतो. तेव्हा हीच मुलगी माझ्यावर ओरडली होती.

ती माझ्या तोंडाकडे बघत राहिली. मग तिने दोऱ्याचं टोक सोडलं. बोटं चिमटीत एकमेकांवर घासली, ओल लागल्यावर घासतात तशी.

"रविवारी येते," ती म्हणाली. "गाडी घेऊन."

जाताना जिन्यात तिने माझा हात धरला आणि रडली. म्हणून मी हो म्हणालो. रविवारी येतो म्हणालो.

६

माझ्याकडे तीन दिवस होते. मी काय केलं ते सांगतो. मला त्याचा अभिमान नाही.

घर सोडायचं तर यंत्र सुटणार. पुढचा भाडेकरू पहिल्याच दिवशी तारा उपटून टाकेल. मनात आलं, एकदा पोचू दे. अडतीस वर्षांत एकदा गोळीने दिवा बंद होऊ दे. आणि आतल्या आत दुसरंही होतं. पोचलं तर ती भेटेल, असं काहीतरी. हा विचार मी उघडपणे केला नाही, पण तो होता.

डाव माझा होता, सदुसष्टावा. मी दोन टप्पे बसवले. तिच्या सहासष्टपासून खटक्यापर्यंत सात फूट पितळी पट्टी, एक वळण नाही. टोकाला लहान हातोडी. पट्टीवर सतरा ठोकला. हातोडीवर ठोकायला हात उचलला आणि खाली घेतला.

शुक्रवारी चार वाजता दारं लावली, स्टुलावर बसलो आणि गोळी सोडली.

साडेपाच मिनिटं. टण. टिक. रीळ. मग पट्टीवरून गोळी सरळ आली, हातोडी पडली, खटका पडला.

दिवा गेला.

पूर्ण अंधार. मी हसलो. मोठ्याने म्हणालो, "पोचलं गं."

मग मला ऐकू आलं की गोळी थांबलेली नाही.

हातोडीपुढे काही नव्हतं. भिंत आणि खटका. तरी गोळी घरंगळत होती. लाकडावरून, जिथे लाकूड नाही. पत्र्यावरून, जिथे पत्रा नाही. माझ्या डाव्या बाजूने पाठीमागे गेली, डोक्यावरून आली. मी मोजायला लागलो, सवयीने. सत्तर. ऐंशी. शंभराच्या पुढे मोजणं चुकलं. प्रत्येक टप्प्याचा आवाज वेगळा होता आणि प्रत्येक नीट बसवलेला होता. चौदा महिन्यांचं काम.

गोळी माझ्या पुढ्यात येऊन थांबली.

छातीपाशी शर्ट ओढला गेला. हळूच. सोडला. पुन्हा ओढला. मी ती ओढ ओळखतो. कामावर जायच्या घाईत बटण तुटलेलं दिसलं की ती अंगावरच लावायची. "हलू नका. टोचेल." मी हललो नाही. हात उचलावासा वाटला, समोर काय आहे ते चाचपावंसं वाटलं. उचलला नाही. अडतीस वर्षांची सवय.

तीन वेढे. मग हनुवटीला केस लागले. छातीवर श्वास आला. गार नव्हता, गरमही नव्हता. आणि कट् असा आवाज झाला, दोरा दाताने तोडताना होतो तो.

मी म्हणालो, "मी खोटं खेळलो."

पावलं नाहीत. थोड्या वेळाने खटक्यावर पितळ वाजलं, आणि दिवा लागला.

मी पाहिलं ते एवढंच. खटक्याच्या शेजारी कपाट आहे. कपाट आणि भिंत यांच्यामध्ये जेमतेम बोटभर फट. त्या फटीत एक अंगुस्तान मागे सरकत होतं. त्यात बोट होतं का, हे मी ठामपणे सांगणार नाही. पण नुसतं अंगुस्तान हवेत राहत नाही.

७

रविवारी मुलगी गाडी घेऊन आली. हमाल खाली थांबले. ती खोके घेऊन वर आली.

मी बाहेरच्या खोलीत बसलो होतो. तोच शर्ट घातला होता. शुक्रवारपासून काढला नव्हता.

तिने पाहिलं. वरून दुसरं बटण. टवका गेलेलं.

"कोणी लावलं?"

"मी नाही."

"सुतारकाकांच्या सुनेने?"

"तिला विचारून ये."

ती खाली वाकली. गाठ बघितली, टोक बघितलं. तिने बोट लावलं नाही. तिचा चेहरा लहानपणी आजारपणात व्हायचा तसा झाला.

"बाबा, मला भीती वाटते."

"मलाही वाटते."

हे मी आयुष्यात पहिल्यांदा कोणाला तरी सांगितलं. ती बाजूला बसली.

मी तिला मधली खोली दाखवली. पितळी पट्टी आणि हातोडी काढून टेबलावर ठेवलेली होती, दोऱ्याने एकत्र बांधून, भाजीच्या जुडीसारखी. वाटीला बटण नव्हतं, ते माझ्या अंगावर होतं. रीळ गेलं होतं. गोळी सोडली तर एकसष्टावर टण, आणि पुढे शांत.

"म्हणजे संपलं?" तिने विचारलं.

"नाही. खोटा डाव खेळला की समोरचा म्हणेल तिथपासून पुन्हा. ती म्हणतेय बासष्टपासून."

"म्हणजे आता डाव..."

"आईचा."

ती बराच वेळ त्या वाटीकडे बघत उभी राहिली. खालून हमालाने हाक मारली, "ताई, किती वेळ?"

तिने गॅलरीतून वाकून सांगितलं, "आज नको. पुढच्या रविवारी."

"पैसे पडतील ताई फेरीचे!"

"पडू देत."

मग आत येऊन म्हणाली, "एकदम सगळं नेलं तर तुम्हाला झेपायचं नाही. थोडं थोडं नेऊ." माझ्याकडे न बघता म्हणाली. तिच्या आईचीच मुलगी.

सुतारालाही वर बोलावलं. किल्ली परत दिली. तो म्हणाला, "स्क्रू बसला वाटतं." मी म्हणालो, "बसला." माफी तीच.

८

याला अकरा रविवार झाले. मुलगी दर रविवारी येते, एक खोका भरते. तो मी आठवड्यात रिकामा करतो. ती पुढच्या रविवारी ओरडते आणि तोच पुन्हा भरते. मध्ये आम्ही जेवतो, गोळी सोडतो. आजवर सांडशी आणि दोन चादरी एवढंच सामान गेलं आहे. खोका भरायचं-उपसायचं हे मशीन माझं आणि मुलीचं आहे आणि उत्तम चालतं.

तिच्या आईचं बासष्ट चौथ्या दिवशी आलं होतं. मग माझं त्रेसष्ट. आता सत्त्याहत्तर झाले.

एक गोष्ट मुलीला सांगितलेली नाही.

आधी मी सरळ जायचो आणि ती वळवायची. आता ती वळवत नाही. बासष्ट दाराकडे, चौसष्ट दाराबाहेर, सहासष्ट माझ्या झोपायच्या खोलीच्या उंबऱ्यावर. प्रत्येक सम टप्पा हातभर पुढे, नाकासमोर. दिव्याकडे ते जात नाही, माझ्याकडे येतं. मी फिटर आहे. काम कुठे चाललं आहे ते मला पहिल्या दोन तुकड्यांवरून कळतं.

दोष तिचा नाही. पोचायची घाई मी केली होती. त्या अंधारात मोठ्याने ‘पोचलं गं’ म्हणालो होतो. तिने ऐकलं.

आज सकाळी जाग आली तेव्हा ऊन खोलीत आलं होतं. डावं मनगट जड वाटलं. पाहिलं तर त्याला दोरा. तीन वेढे आणि गाठ. घट्ट नव्हता, एक बोट जाईल एवढा सैल ठेवलेला, ती काजाला ठेवायची तसा. तिथून तो पलंगाच्या कडेवरून, उंबऱ्यावरून, मधल्या खोलीत गेला होता. दारं रात्री लावली होती. आता उघडी होती. आत दिवा चालू होता.

अठ्ठ्याहत्तरावा.

आतून आवाज आला. टिक टिक. डाव तुमचा.

मी उठून बसलो. दोरा ताणला जाऊ नये म्हणून सावकाश. भीती होती. एका टप्प्यात संपलं असतं. दोरा नुसता ओढायचा होता, पहिल्या दिवशी बांधलेल्या दोरीसारखा.

मी म्हणालो, "पोरगी रविवारी येते गं."

मनगटाची गाठ सोडली नाही. हत्यारांची पेटी पलंगाखाली असते, ती उजव्या हाताने ओढली. दोऱ्याचा मधला भाग उचलला आणि कप्पी लावून खिडकीकडे वळवला. तिथून आरशाच्या मागून, कपाटावरून, बाहेरच्या खोलीत, गॅलरीच्या कठड्याला वळसा घालून परत आत. दुपारपर्यंत ते एकच काम केलं. असलं आडवळणी, बिनकामाचं, लांबलचक काम मी जन्मात केलं नव्हतं. करताना दोनदा हसू आलं. कप्पीवर सतरा ठोकला.

मग पलंगावर बसलो आणि कान दिला.

मनगटाशी दोरा किंचित हलला, कोणीतरी त्याची लांबी हाताने मोजत गेल्यासारखा. खिडकीपर्यंत. आरशामागून. कपाटावरून. गॅलरीपर्यंत. परत.

टिक.

एकदाच.